मी आलो, मी आले

(स्नेहमेळाव्याच्या दुपारच्या सत्रातील भाषण)



समितीनं मला निरोप दिला होता की तू सॉफ्टवेअरमधली, तर एआयवर बोल. एआयवर बोलणारे सध्या गल्लोगल्ली भेटतात. मी व्याकरणावर बोलणार आहे. मराठीच्या बाई पहिल्या रांगेत बसल्यात, म्हणजे धाडसच आहे. पण खरं सांगायचं तर गेली कितीतरी वर्षं मी ज्या कामाचा पगार घेते त्यातलं निम्मं काम 'लिंग ओळखा आणि वाक्य पुन्हा लिहा' हेच आहे. सहावीतला तो पाच मार्कांचा प्रश्न पुढं पोटापाण्याला लागणार हे आधी कळलं असतं, तर आमच्या बाबांनी गणिताच्या शिकवणीचे पैसे वाचवले असते.

माझं काम असं की, इंग्रजीत तयार झालेलं अ‍ॅप आपल्या भाषांत आणायचं. बटणावरचे शब्द, फोनवर येणाऱ्या सूचना, चुकलं तर येणारे संदेश, सगळं. इंग्रजीत एक वाक्य लिहून भागतं. तेच वाक्य मराठीत उतरवताना मशीन विचारतं, समोर बाई आहे की बुवा? आणि मशीनला ते माहीत नसतं.

काही वर्षांपूर्वी महिला बचत गटांसाठीचं एक अ‍ॅप आमच्याकडं तपासायला आलं. मजकूर दुसरीकडून भाषांतर होऊन आला होता. वापरणाऱ्या सगळ्याच्या सगळ्या बायका. नोंदणी पूर्ण झाली की पडद्यावर यायचं, 'अभिनंदन! आपण सभासद झाला आहात.' एका गावात आम्ही ते वापरून बघायला बसलो होतो. पन्नाशीच्या एका बाईंनी चष्मा लावून ते वाक्य दोनदा वाचलं आणि मला विचारलं, "म्हंजे मालक झालं व्हय सभासद?"

कुणी हसू नका. त्यांना वाचायला नीट येत होतं, म्हणूनच तो प्रश्न पडला. ज्या घरात सातबारा, घरपट्टी, लाइटबिल सगळं मालकांच्या नावावर येतं, त्या घरातल्या बाईनं 'झाला आहात' वाचून दुसरं काय समजायचं? बचत त्यांच्या मजुरीतली होती, सही त्यांची होती. आणि फोननं अभिनंदन केलं ते मालकांचं.

यावर टीममधल्या एका हुशार मुलानं उपाय सुचवला की सगळीकडं तिरकी रेघ मारू, 'झाला/झाल्या आहात'. ही तिरकी रेघ तुम्ही सरकारी फॉर्मवर बघितली असेल. वाचताना जीभ अडखळते, आणि जी फोनवर बोलून दाखवणारी यंत्रं आहेत ती तर ती रेघ कशी उच्चारायची म्हणून गप्प बसतात. खरा उपाय मराठीतच होता आणि तो फार साधा निघाला. 'झाला आहात' याऐवजी 'झालात' लिहायचं. बघा, 'सर, तुम्ही कधी आलात?' आणि 'बाई, तुम्ही कधी आलात?' यात क्रियापद बदलत नाही. 'आला आहात' आणि 'आल्या आहात' असं फोडलं की लिंग बाहेर येतं, 'आलात' असं जोडलं की ते आत जातं. एक शब्द कमी झाला आणि वाक्य सगळ्यांचं झालं.

त्या दिवसापासून मला नादच लागला. मराठीत लिंग नेमकं कुठं दिसतं आणि कुठं लपतं, ते शोधायचा.

एक गंमत सांगते. भविष्यकाळात मराठीला लिंग नाही. मी जाईन, तू जाशील, तो जाईल, ती जाईल. हिंदीत 'जाऊँगा' म्हटलं की पुरुष आणि 'जाऊँगी' म्हटलं की बाई, तिथं सुटका नाही. आपल्याकडं बोलणारा उद्याचं बोलायला लागला की कोण बोलतंय ते कळत नाही. वर्तमानकाळात मात्र लगेच कळतं, 'जातो' आणि 'जाते'. भूतकाळात अर्धं कळतं. 'मी गेले' म्हटलं की बाई. पण 'मी भाकरी खाल्ली' हे कुणी म्हटलं? क्रियापद भाकरीच्या मागं गेलं, खाणारा सुटला. 'मी पत्र लिहिलं', 'मला भूक लागली', 'मला पटलं नाही', यातलं एकही वाक्य तुम्हाला सांगत नाही की बोलणारा कोण. आणि 'आम्ही आलो' हे तर मुलींचा घोळकाही म्हणतो आणि मुलांचाही.

हे सगळं आमच्या कामात रोज वापरलं जातं. 'अमुक ग्रुपमध्ये सामील झाला' की 'झाली', हे मशीनला ठरवता येत नाही, तर आम्ही लिहितो, 'अमुक यांनी ग्रुपमध्ये प्रवेश घेतला'. 'घेतला' हे प्रवेशाचं झालं. 'यांनी' हा शब्द तर सोन्याचा आहे, तो 'हे' आणि 'ह्या' दोघांनाही चालतो. 'त्याचा फोटो', 'तिचा फोटो' या भानगडीत पडायचं नाही, 'अमुक यांनी आपला फोटो बदलला'. संपलं. या 'आपला'ला इंग्रजीत जोडच नाही, आणि इंग्रजीतून आंधळं भाषांतर करणाऱ्याला तो आठवतही नाही.

आता आपल्या गावाकडं येते. इथं जमलेल्या सगळ्या पोरींना आठवत असेल, आपण 'मी आलो' म्हणायचो. आई म्हणायची, आजी म्हणायची, अजून म्हणतात. 'थांब की, मी येतो', 'मी आत्ताच जेवलो'. आपल्याकडं तर 'मी काम केलो' हेही चालतं, बोलणारी बाई असो नाहीतर बुवा. वहीत लिहिताना बाई सांगायच्या 'आले' लिहा, म्हणून आपण 'आले' लिहायचो आणि घंटा झाली की 'आलो' म्हणत बाहेर पळायचो. दोन्हींत काही भांडण नव्हतं.

भांडण झालं ते इंजिनियरिंगला गेल्यावर. होस्टेलवर पहिल्याच आठवड्यात मी म्हटलं, 'मी आंघोळ करून येतो,' आणि खोलीतल्या तिघी खो खो हसल्या. पुढचे कितीतरी दिवस त्या मला 'अहो, आलात का?' म्हणून चिडवायच्या. तुमच्यापैकी कितीजणींच्या बाबतीत हे झालंय? हात वर करा. बघा, जवळजवळ सगळ्याच. मग आपण काय केलं, तर तिकडं 'आले' आणि घरी फोन लागला की 'आलो'. माझी लेक पुण्यात वाढली. ती म्हणते, आई, तू आजीशी बोलताना मुलगा होतेस.

मुलगा होत नाही. एवढंच की आपल्या बोलीत 'मी' म्हणताना बाई असल्याची वेगळी नोंद द्यावी लागत नाही. शेजारच्या कन्नडमध्येही तेच आहे. 'नानु बंदे', मी आलो किंवा मी आले, दोघांना एकच. 'तो आला' आणि 'ती आली' कन्नडमध्ये वेगळं होतं, पण आदरानं बोलायचं झालं की पुन्हा एक, 'अवरु बंदरु'. आपण मराठीत आदर देतानाही लिंग सोडत नाही, 'सर आले', 'बाई आल्या'. सीमेवरचं गाव म्हटल्यावर शेजाऱ्याचं काही ना काही अंगाला लागणारच. ज्याला होस्टेलवर गावंढळ म्हणून हसले, त्याच गोष्टीसाठी जगात आज मोठमोठ्या सभा भरतात, समित्या बसतात. हे कळलं तेव्हा मला, खोटं कशाला बोलू, जरा बरं वाटलं.

जगात काय चाललंय ते थोडक्यात सांगते, कारण सगळ्यांचं दुखणं वेगळ्या ठिकाणी आहे. इंग्रजीचं दुखणं फक्त 'तो' आणि 'ती' या शब्दांत. त्यांनी जुनाच 'दे' हा शब्द एका माणसासाठी वापरायला घेतला. 'घेतला' तरी काय म्हणायचं, चौदाव्या शतकापासून तो तसा वापरात आहे. २०१९ साली मेरियम-वेबस्टरनं तो वर्षाचा शब्द ठरवला. स्वीडनमध्ये 'हान' म्हणजे तो, 'हून' म्हणजे ती, त्यांनी मधला 'हेन' आणला आणि २०१५ साली तो तिथल्या अकादमीच्या शब्दकोशात गेला. तो आणताना शेजारच्या फिनिश भाषेतला 'हॅन' डोळ्यांसमोर होता, कारण फिनिशमध्ये तो आणि ती हा भेद मुळातच नाही. फ्रेंचांचं दुखणं खोल. तिथं नाम, विशेषण, सगळ्यालाच लिंग. शब्दाच्या मध्ये टिंब देऊन दोन्ही रूपं लिहायची पद्धत काहींनी सुरू केली, तेव्हा २०१७ साली फ्रेंच अकादमीनं भाषेला प्राणघातक धोका आहे म्हणून जाहीर केलं. त्याच अकादमीनं दीड वर्षानं, २०१९ च्या फेब्रुवारीत, हुद्द्यांची स्त्रीलिंगी रूपं मात्र मान्य केली. अरबी, हिब्रू तर समोरच्याला नुसतं 'तू' म्हणायचं तरी तो पुरुष की बाई हे आधी ठरवतात.

आणि भाषेत लिंग नसलं की समाज सुधारतो, असंही समजू नका. फिनिशमध्ये 'तो-ती' नाही, इराणच्या फारसीतही नाही. फिनलंडच्या बायकांना १९०६ सालीच मताचा आणि निवडणूक लढवायचा हक्क मिळाला. इराणमधल्या बायकांचं काय चाललंय ते तुम्ही बातम्यांत बघता. आपल्या बंगालीतही 'तो' आणि 'ती' एकच आहेत. म्हणून, शब्द बदला आणि निवांत बसा, असं सांगणाऱ्यांवर माझा विश्वास नाही. आणि शब्दांनी काही होत नाही म्हणणाऱ्यांना मी त्या बचत गटातल्या बाईंकडं पाठवीन.

आता नामांकडं. इथं माझं मत थोडं तिखट आहे. आपल्याकडचा 'ईण' हा प्रत्यय बघा. पाटलीण म्हणजे पाटलाची बायको. डॉक्टरीणबाई म्हणजे ज्या स्वतः डॉक्टर आहेत त्या, की डॉक्टरांच्या घरच्या? आपल्या लहानपणी दोघींनाही तेच म्हणायचे. म्हणून डॉक्टर, वकील, इंजिनियर या शब्दांना शेपूट लागलं नाही हे मला बरं वाटतं. 'वकील आल्या', 'डॉक्टर आल्या', क्रियापद सांगतं तेवढं पुरे. क्रिकेटचे नियम करणाऱ्या एमसीसीनं २०२१ च्या सप्टेंबरमध्ये 'बॅट्समन' काढून 'बॅटर' केलं, केवढी चर्चा झाली. मराठी वर्तमानपत्रांना काहीच करावं लागलं नाही. आपला 'फलंदाज' तयारच होता. शेजारच्या सांगलीची स्मृती मानधना फलंदाज आहे, असं लिहिताना कुणाचा हात अडखळला नाही.

'सरपंच' हा असाच चांगला शब्द. महाराष्ट्रात २०११ पासून स्थानिक संस्थांत निम्म्या जागा महिलांच्या. सरपंच आल्या, सरपंच बोलल्या. व्याकरणाची काही अडचण नाही. मग व्याकरणानं जे केलं नाही ते लोकांनी केलं आणि शब्द काढला, 'सरपंचपती'. पूर्वी पाटलाची बायको पाटलीण व्हायची. आता सरपंचाचा नवरा सरपंचपती होतो आणि ग्रामपंचायतीत खुर्चीवर तोच बसतो. २००७ साली जळगावच्या प्रतिभाताई पाटील राष्ट्रपती झाल्या तेव्हा त्यांना काय म्हणायचं यावर केवढे विनोद झाले आठवतं? 'पती' या शब्दाचा मूळ अर्थ धनी, स्वामी. त्या अर्थानं त्यांना 'राष्ट्रपती' म्हणण्यात काहीच अडचण नव्हती. अडचण विनोद करणाऱ्यांच्या डोक्यात होती.

मग मागच्या फलकावरचं 'माजी विद्यार्थी' चालतं का, असं मला सकाळपासून दोघांनी विचारलं. दोघंही मित्रच, मैत्रीण एकही नाही. मला चालतं. हजेरीपटावर मुलांचे नंबर संपल्यावर आमचे सुरू व्हायचे, ते मात्र चालत नव्हतं, पण त्यात व्याकरणाचा दोष नव्हता.

आत्ता मी 'दोघांनी' म्हटलं आणि 'दोघंही' म्हटलं. इथं मराठीची श्रीमंती बघा. दोन पुरुष 'दोघे', दोन बायका 'दोघी', आणि एक तो एक ती असली की 'दोघं'. बोलताना आपण 'दोघं' सगळ्यांनाच वापरतो, मीही आत्ता तेच केलं. तसंच तिघे, तिघी, तिघं. चौघे, चौघी, चौघं. मिसळलेल्या माणसांसाठी आपल्याकडं वेगळं रूप आहे आणि ते नपुंसकलिंगी आहे. एकटा 'माणूस आला', पण जमली की 'माणसं आली'. एकटा असताना पुल्लिंगी, गर्दीत नपुंसकलिंगी. 'मुलं आली' म्हणताना आपण त्यात पोरंपोरी दोन्ही धरतो आणि कुणाला वाईट वाटत नाही. उलट 'व्यक्ती' बघा, पाच फूट अकरा इंचाचा मिशाळ माणूस असला तरी 'ती व्यक्ती आली'. गोव्याच्या कोकणीत तर लहान मुलीला, चांगल्या तरुण मुलीलाही, 'तें' म्हणतात आणि ते प्रेमानं. जर्मनमध्येही मुलगी नपुंसकलिंगी आहे.

पण हे तिसरं लिंग एका ठिकाणी उपयोगाला येत नाही आणि मला सगळ्यात जास्त त्रास तिथं होतो. २०१४ च्या एप्रिलमध्ये सर्वोच्च न्यायालयानं तृतीयपंथी व्यक्तींची वेगळी ओळख मान्य केली. त्यानंतर फॉर्मवर तिसरा रकाना आला. रकाना करणं सोपं, अर्ध्या तासाचं काम. पण त्या रकान्यावर टिचकी मारणाऱ्या माणसाला पुढच्या पानावर मराठीत काय म्हणायचं? इंग्रजीवाला पटकन सांगतो, तुमच्याकडं तिसरं लिंग आहेच की, ते वापरा. आहे, पण ते लेकराचं, वासराचं, टेबलाचं आहे. एका मोठ्या, कमावत्या माणसाला 'ते आलं' म्हणणं ही शिवी आहे. म्हणून आमच्याकडं मी नियम धरून बसले की एकेरीत यायचंच नाही. 'तुम्ही', 'आपण', 'यांनी', 'यांना', आणि क्रियापद कामाच्या मागं. 'तुमचा अर्ज मिळाला.' 'तुमची रक्कम जमा झाली.' आणि जिथं काहीच जमत नाही तिथं सरळ विचारायचं, तुम्हाला कसं म्हणू? अँड्रॉइडनं २०२३ मध्ये, चौदाव्या आवृत्तीत, अशी सोय दिलीय की वापरणाऱ्यानं एकदा सांगितलं की अ‍ॅपनं त्याप्रमाणे रूपं वापरावीत. सोय आहे, वापरणारी अ‍ॅप थोडी आहेत.

एआयवर बोल म्हणाला होतात, तर तेही सांगते. तुर्की भाषेत 'ओ' म्हणजे तो, ती, ते, सगळंच. 'ओ बिर दोक्तोर' हे वाक्य मशीनला दिलं की इंग्रजीत यायचं, 'तो डॉक्टर आहे'. 'ओ बिर हेमशिरे' दिलं की, 'ती नर्स आहे'. मूळ वाक्यात लिंग नव्हतंच, ते मशीननं पदरचं घातलं. मशीनला कुणी तसं शिकवलं नव्हतं. त्यानं कोट्यवधी वाक्यं वाचली आणि मोजली, डॉक्टरच्या शेजारी 'तो' जास्त वेळा, नर्सच्या शेजारी 'ती'. बोंबाबोंब झाल्यावर २०१८ च्या डिसेंबरात गुगलनं अशा तुर्की वाक्यांची दोन्ही भाषांतरं दाखवायला सुरुवात केली. मराठीत हा प्रश्न जास्त चिवट आहे. इंग्रजीत 'मी दमलो' आणि 'मी दमले' एकच. त्याचं मराठी करताना मशीनला अंदाज करावाच लागतो, आणि काही कळत नसलं की ते पुरुषाकडं झुकतं. बाईनं लिहिलेलं पत्र मशीनमधून गेलं की तिकडून बुवाचं होऊन येतं.

आणि आपल्या आईचं काय? मशीन शिकतं छापील मराठीवर. छापील मराठीत 'मी आलो' म्हणणारी बाई जवळजवळ नाहीच. आता फोनला बोलून कामं सांगायचे दिवस आलेत. आमची आई फोनला म्हणणार, 'मी उद्या दवाखान्यात जातो,' आणि मशीन नोंद करणार, पुरुष. दवाखान्याच्या नोंदीत हे गंमत म्हणून सोडून देता येत नाही.

म्हणून मी आज एक मागणी घेऊन आलेय. जेवणाच्या मंडपात नोंदणीच्या टेबलावर मी एक दोनशे पानी वही ठेवलीय. तुमच्या आईची, आजीची, सासूची, कामाला येणाऱ्या मावशींची वाक्यं त्यात लिहा. जशी बोलतात तशीच, शुद्ध करून नकोत. बाई, तुम्ही तपासू नका. शेजारी गावाचं नाव लिहा आणि बोलणारी साधारण केवढी आहे तेही. गडहिंग्लजकडं असं म्हणतात आणि शाहूवाडीकडं तसं, हे भांडण करायचं असेल तर तेही वहीतच करा, मला ते हवंच आहे. पेन दोरीनं बांधलंय. संध्याकाळपर्यंत ते तिथं राहील अशी व्यवस्था समितीनं बघावी.